आणखी काही सांगायचं आहे?

ऑफिसात तिला सगळे रेडिओ म्हणत. हे नाव कुणी ठेवलं ते आता कुणालाच आठवत नव्हतं, पण ठेवणाऱ्यानं विचार करून ठेवलं असणार. समोरच्यानं शिवी दिली काय नि गाणं म्हटलं काय, तिचा आवाज जागचा हलत नसे. सर्व्हेच्या धंद्यात असा आवाज म्हणजे सोनं. फोनवर लोकांना मत विचारायचं, उत्तर जसंच्या तसं टाइप करायचं आणि ते आपल्याला पटलं की नाही याचा पत्ता त्यांना लागू द्यायचा नाही. "अरे वा" म्हणायचं नाही, "अरेरे" तर मुळीच नाही. उत्तर आलं की "ठीक आहे" म्हणायचं आणि पुढचा प्रश्न घ्यायचा.

नवरा गेल्यानंतर ती कामावर परतली तेव्हा सगळ्यांना वाटलं, आता हिचा आवाज कापणार. तो कापला नाही. उलट आणखीच सपाट झाला. शेजारच्या टेबलावरची मैत्रीण एकदा म्हणाली, "रडून घे ग, मोकळी होशील." हिनं मान हलवली आणि हेडफोन चढवला. रडायला तिची काही हरकत नव्हती, पण येतच नव्हतं. घरी सासूबाई रडत, तेव्हा ही त्यांच्या पाठीवर हात ठेवून भिंतीकडे बघत बसायची. हात पाठीवर आहे एवढं तिला कळायचं, त्यापुढे काही नाही.

टोचत होती ती एकच गोष्ट, आणि ती म्हणजे बूट.

नवरा रस्त्याच्या कामावर होता. ट्रकमधून गरम डांबर-खडी ओतली की फावड्यानं ती सारखी करायची, मग मागून रोलर यायचा. मुकादम घरी येऊन सांगून गेला होता, "वहिनी, चक्कर येऊन पडला. आम्ही पडल्या पडल्या उचलला आणि दवाखान्यात नेला, जरासुद्धा वेळ घालवला नाही." उष्माघात, असं डॉक्टर म्हणाले. दवाखान्यातून जी पिशवी मिळाली तिच्यात कपडे होते, घड्याळ होतं, पण बूट नव्हते. जाड तळव्याचे, घोट्यापर्यंत नाडीचे बूट. सेलमधून तिनंच आणले होते, एक नंबर मोठे. "पोरासारखा पाय वाढायची वाट बघू काय मी?" असं म्हणून तो आत दोन-दोन मोजे घालायचा.

आता ज्याला पडल्या पडल्या उचललं, त्याचे बूट कुणी काढले? असले बूट आपोआप गळून पडत नाहीत. म्हणजे मधे कुठेतरी वेळ गेला होता. त्या वेळात तो कुठे होता, त्याच्याजवळ कोण होतं, एवढंच तिला हवं होतं. तिनं मुकादमाला विचारलं, त्यानं कानावर हात ठेवले. ठेकेदारानं तर फोन उचलणंच सोडलं. एकदा ती त्या रस्त्याच्या तोंडापर्यंत जाऊनही आली, पण पुढे पाऊल पडेना. लोकांची दारं ठोठावून विचारायचं तरी काय? माझा नवरा इथं पडला, त्याचे बूट कुणी बघितलेत का? अनोळखी माणसाला विचारायची तिला एकच रीत येत होती, आणि ती फोनवरची होती.

अशात महापालिकेचा सर्व्हे आला. हवामान बदलतंय, उन्हाळे वाढतायत, तर शहरानं काय करावं आणि त्यासाठी लोक किती त्रास सोसायला तयार आहेत, हे विचारायचं होतं. लोक भलतेच तयार निघाले. झाडं लावायला सगळ्यांचा पाठिंबा, फक्त आमच्या दारात नको, पानं पडतात. बस वाढवायला पाठिंबा, बसायचं दुसऱ्यांनी. एका गृहस्थानं हवामान बदल हा फार गंभीर प्रश्न असल्याचं सांगितलं आणि त्याच दमात म्हणाला, "लवकर आटपा, गाडी चालू ठेवून उभा आहे." तिनं "फार गंभीर" या उत्तरावर खूण केली.

यादीत शेवटून दुसरा प्रश्न होता तो असा: ऊन ठरावीक आकड्याच्या पुढे गेलं की रस्ते, इमारती, खोदकाम अशी उघड्यावरची कामं दुपारी सक्तीनं बंद ठेवावीत, असा नियम करायचा विचार आहे. त्यामुळे कामं पूर्ण व्हायला उशीर लागेल. तुमचा पाठिंबा आहे की विरोध? पहिल्यांदा तिनं हा प्रश्न वाचला तेव्हा मैत्रिणीनं खुर्ची वळवून तिच्याकडे पाहिलं. तिनं तो नीट वाचला, स्वल्पविरामांना थांबत.

मग पाण्याच्या टाकीमागचा भाग आला. तिथले फोन कुणालाच नको होते, कारण तिथला रस्ता अर्धवट पडला होता आणि महापालिकेचं नाव काढलं की लोकांच्या तोंडाचा पट्टा सुरू व्हायचा. ती आपण होऊन साहेबांकडे गेली आणि म्हणाली, "तो भाग मला द्या." या साहेबांना सगळे कानसाहेब म्हणत, कारण ते कुणाच्याही फोनवर न सांगता कान लावत. कानसाहेब खूश झाले. तिचा नवरा कामावर असताना गेला हे त्यांना माहीत होतं. कुठल्या रस्त्यावर, ते त्यांनी विचारलं नव्हतं.

ऑफिसचे नियम पक्के होते. उत्तरानंतर "असं तुम्हाला का वाटतं?" असं विचारायचं, आणि मग एकदा, एकदाच, "आणखी काही सांगायचं आहे?" दुसऱ्यांदा विचारलं की ते तोंडातून काढून घेणं झालं. स्वतःबद्दल एक शब्दही बोलायचा नाही. बोललात, तर उत्तर विटाळलं, कॉल रद्द, सगळं पुसलं जाणार. ती या नियमांच्या बाहेर कधी गेली नव्हती, आणि आताही जायचं तिच्या मनात नव्हतं. तिची सगळी आशा त्या एका "आणखी काही" वर होती. टाकीमागच्या लोकांनी तिला धूळ सांगितली, खड्डे सांगितले, घसरलेली स्कूटर सांगितली. माणूस कुणीच सांगितला नाही.

मग एका दुपारी एका म्हातारीनं फोन उचलला. आवाज खणखणीत होता. तिनं झाडांना पाठिंबा दिला, बसला दिला, आणि नियमाचा प्रश्न पुरता ऐकूनही घेतला नाही.

"विरोध लिहा. आधी आमचा रस्ता करा म्हणावं. नुसती खडी पडलीय दाराशी. काठी घेऊन चालते मी, दोनदा आपटले. आणखी कामं बंद ठेवून कसं चालेल?"

तिनं विरोधावर खूण केली. कारण जसंच्या तसं उतरवलं.

"ठीक आहे. आणखी काही सांगायचं आहे?"

"आता बंद पडलं तेही उगाच नाही म्हणा. काम करणारा एक माणूस पडला ना इथं."

तिची बोटं टाइप करत राहिली. माणूस, पडला, ना, इथं. ओळ संपली. आता "ठीक आहे" म्हणून शेवटचा प्रश्न घ्यायचा होता, वय किती हा. स्क्रीनवर तो आलाही होता.

"आणखी काही सांगायचं आहे?" ती म्हणाली.

"सांगायचं काय? पडला म्हणजे एकदम नाही पडला. आधी माझ्या पायरीवर येऊन बसला, तिथं जरा सावली असते. चेहरा लालबुंद. मी त्यांच्या मुकादमाला म्हटलं, अरे, याला घेऊन जा. तर तो म्हणतो, ट्रकमधला माल थंड झाला की वाया जातो, तेवढा संपवतो, मग बघतो."

"ठीक आहे. आणखी काही सांगायचं आहे?"

पार्टिशनच्या वर कानसाहेबांचं डोकं दिसलं. त्यांनी एक बोट वर केलं, एकदाच, असं. तिनं त्यांच्याकडे पाहिलं आणि परत स्क्रीनकडे पाहिलं.

"पाणी दिलं मी. त्यानं नुसती चूळ भरली, पिववेना त्याला. मग बूट काढायला लागला. बोटं चालत नव्हती त्याची, नाड्या मी सोडल्या. दोन-दोन मोजे घातले होते ग बाई, असल्या उन्हात. पायरी नुकतीच पुसलेली होती माझी, तर म्हणतो कसा, मावशी, खराब होईल. आणि बूट खाली जोडून ठेवले, देवळाबाहेर ठेवतात तसे. मी म्हटलं, राहू दे रे बाबा पायरीचं. ओल्या फडक्यानं तोंड पुसत बसले त्याचं. माल संपला तेव्हा आले ते. तोवर हा बोलायचा थांबला होता."

तिनं सगळं उतरवलं. "दोन-दोन" मधली छोटी रेघसुद्धा बरोबर पडली. रडू आता येईल असं तिला वाटलं, म्हणून ती थोडी थांबली. ते आलं नाही. एवढंच जाणवलं की हेडफोन कानाला गरम लागतोय.

म्हातारीच म्हणाली, "अहो बाई, तुम्ही महापालिकेच्या ना? मग तुम्हाला ठाऊक असेल. वाचला का तो? इथं कुणी परत फिरकलंच नाही. विचारू कुणाला मी?"

अशा वेळी काय म्हणायचं तेही ठरलेलं होतं. "याबद्दल माझ्याकडे माहिती नाही." हे वाक्य तिच्या तोंडात इतकं बसलेलं होतं की ते झोपेतही आलं असतं.

"नाही वाचला," ती म्हणाली.

मग म्हातारीनं हळूच विचारलं, "तुम्हाला काय माहीत?"

"माझा नवरा होता."

हेही तिनं प्रश्न वाचावा तसंच वाचलं. कानसाहेब पार्टिशनला वळसा घालून तिच्या खुर्चीमागे येऊन उभे राहिले होते. तिनं वळून पाहिलं नाही.

"मग मघाशी मला बोलू कशाला दिलंस?" म्हातारीचा आवाज चढला, आणि "तुम्ही" कुठल्या कुठे गेलं. "विरोध म्हणाले मी. आधी रस्ता करा म्हणाले. तुझ्यासमोर."

"यात बरोबर किंवा चूक असं काही उत्तर नसतं," ती म्हणाली. हेही ठरलेलंच वाक्य होतं. कुणी अडखळलं की म्हणायचं असतं.

"बदल ते. पाठिंबा लिही."

"बदलता येत नाही, आजी. मी बोलले ना, म्हणून हा कॉल आता रद्द होईल. सगळंच पुसलं जाईल."

"म्हणजे मी काही बोललेच नाही असं?"

"हो."

रद्दचं बटण तिनं स्वतःच दाबलं, कानसाहेबांना सांगायची पाळी आणली नाही. विरोध गेला, खडी गेली, सावली, ट्रकमधला माल, मोजे, सगळं गेलं, आणि पांढऱ्या चौकटीत नवा नंबर यायची वाट बघत रेघ लुकलुकायला लागली. फोन मात्र अजून चालू होता. कानसाहेबांनी हात पुढे केला, फोन बंद करायला असेल, आणि तो तसाच मागे घेऊन ते आपल्या जागेवर निघून गेले.

"आजी," ती म्हणाली. हे कुठल्याच कागदावर लिहिलेलं नव्हतं, म्हणून तिला शब्द शोधावे लागले. "त्याचे बूट."

"आहेत की. पायरीखाली ठेवलेत, पिशवीत. मोजेसुद्धा धुऊन ठेवलेत. मला वाटलं, बरा होऊन न्यायला येईल."

तिनं तोंड उघडलं, पण आवाज निघाला नाही. इतक्या वर्षांत तो पहिल्यांदाच जागचा हलला होता आणि कुठे गेला ते तिला कळेना. शेजारची मैत्रीण आपला फोन अर्धवट सोडून उठून उभी राहिली.

"ऐकतेस ना ग?" म्हातारी पलीकडून म्हणत होती. "ये, घेऊन जा. पण उजेडात ये आणि सांभाळून ये. रस्ता अजून तसाच आहे."