राहती खिडकी

बाबा गेल्यावर त्यांचं टेबल आवरताना एक स्क्रू बिट्टीच्या बोटांतून निसटला आणि टेबलावरच कुठेतरी गडप झाला. खिडकी पूर्वेची, वेळ सकाळची, बाहेर आभाळ स्वच्छ. तरी तिला टेबलावरचं काही धड दिसेना. बाबांचा चिमटा तिने दारापाशी नेला, तर त्याच्या टोकावरचा गंजाचा ठिपकासुद्धा दिसला. परत टेबलावर आणला आणि टोकच हरवलं. दिवा लावून पाहिला. त्याचा उजेड टेबलाच्या कडेपर्यंत आला आणि तिथून ओघळून निघून गेला.

दुसऱ्या कुणाला हे जन्मात कळलं नसतं. बिट्टी उजेडवाली होती.

हे काम ती खालच्या मजल्यावरच्या काकांच्या हाताखाली शिकली होती. टोकाला वाकवलेला काचेचा आकडा हवेत अलगद फिरवायचा, उजेडाची कड लागली की तिला पीळ द्यायचा आणि जिन्यांवरून, कोपऱ्यांवरून ओढत न्यायचं, जिथे खिडकी नाही तिथे. एकाचा पीळ दुसऱ्याच्या आकड्याने सुटत नाही. पहिल्याच दिवशी काकांनी बजावलं होतं, "उजेड आपण बनवत नाही, बाई. इकडचा तिकडे नेतो. छपरावरचा घे, ओसाड अंगणातला घे. राहत्या खिडकीचा घ्यायचा नाही. तसलं पाप करणाऱ्याने हातात आकडा धरू नये."

बिट्टीने आकडा टेबलाखाली फिरवला. पीळ होता. डाव्या हाताचा. त्या धंद्यात डावखुरे एकटे काकाच. पिळाचा माग जमिनीतून खाली गेला होता, थेट काकांच्या दुकानाच्या दर्शनी कपाटात, ज्याची झळाळी बघायला लोक रस्ता ओलांडून येत.

बाबा घड्याळजी होते. मध्येच एके दिवशी म्हणाले, "बाहेरचं सगळं दिसतं गं, बारीक कामच तेवढं दिसत नाही." डॉक्टरांना दोष सापडेना. काका मात्र वर येऊन, बाबांच्या खांद्यावर हात ठेवून म्हणाले होते, "वय झालं, दादा. किती डोळे फोडशील? आता बसून खा." बिट्टी लोकांच्या तळघरांत उजेड पोचवत दिवसभर हिंडायची आणि येताना बाबांना आणखी जाड चष्मा आणायची. काखेत कळसा आणि गावाला वळसा. उघडलेली घड्याळं तशीच गिऱ्हाइकांना परत गेली. मग बाबांचं बोलणंही आटलं. शेवटी शेवटी ते टेबलाशी नुसते बसत, दोन्ही हात पालथे ठेवून, घड्याळाची वेळ लावून झाल्यासारखे.

तिने आरडाओरडा केला नाही. काका जिभेवर साखर घेऊन जन्मले होते. 'दुःखाने पोरीचं डोकं फिरलंय' म्हणून मोकळे झाले असते. दुपारी ते जेवून लवंडले तेव्हा तिने खुंटीवरचा त्यांचाच आकडा उचलला. बाबांच्या टेबलाचा पीळ सोडवला. मग खाली काकांच्या टेबलाला, जिथे बसून ते आकड्यांची टोकं घासत, डाव्या हाताने तसाच पीळ दिला आणि तिथला उजेड वर नेऊन बाबांच्या टेबलावर सोडला. आकडा स्वतःच्या पिशवीत टाकला.

दुसऱ्या दिवशी दुकानात गिऱ्हाइकं होती, काकूही गल्ल्यावर होती.

"बिट्टे, इथे अंधारून आलंय का गं?"

"नाही काका. लख्ख आहे."

"मग मला टोक का दिसत नाही?"

"वय झालं, काका," बिट्टी म्हणाली. "किती डोळे फोडाल?"

काकांचा हात थांबला. चोराच्या मनात चांदणं असतं. त्यांची बोटं आपोआप टेबलाखाली गेली, चाचपत राहिली आणि एका जागी अडली. आपला पीळ त्यांनी झोपेतही ओळखला असता. त्यांनी खुंटीकडे पाहिलं.

"माझा आकडा कुठाय?"

"माझ्याकडे आहे. देते ना. कशाला हवाय तेवढं सांगा."

"अहो, टेबलाखाली काय शोधताय?" काकू म्हणाली. गिऱ्हाइकंही बघायला लागली.

एक वाक्य बोलायचं होतं. इथला उजेड कुणीतरी नेलाय. पण ते बोलले असते, तर कसा नेला, कुणाचा पीळ आणि तुम्हाला बसल्याजागी कसं उमगलं, हे पुढचे प्रश्न काकूनेच विचारले असते. तिला दमडीचीही गोष्ट अर्धी ऐकायची सवय नव्हती. टेबल बदलून काही होणार नव्हतं. आकडा बिट्टीकडे होता आणि बिट्टी रोज कामावर येणार होती.

ती वाट बघत उभी राहिली. त्यांनी बोलावं असं तिला खरोखरच वाटत होतं. बाबांचं नाव घेऊन एकदा बोलले असते, तर तिने आकडा तिथल्या तिथे त्यांच्या हातात ठेवला असता.

"काही नाही," काका म्हणाले. "डोळे गेले बहुतेक माझे."

"अगंबाई!" काकूने कपाळाला हात लावला. "दादांसारखंच झालं की हो!"

बिट्टीने पिशवीत हात घातला. काका त्या हाताकडे बघत होते. तिने बाबांचा चष्मा काढला, सगळ्यांत जाड तो, पदराने पुसला आणि त्यांच्यापुढे धरला.

"घाला. आधी डोकं दुखतं, मग सवय होते. बाबांना झाली होती."

त्यांनी चष्मा घेतला. घातला. काचांमागे त्यांचे डोळे मोठे आणि ओले दिसत होते.

"किती करते पोर तुमचं," काकू गिऱ्हाइकांना ऐकू जाईल अशा आवाजात म्हणाली. "पोटच्या पोरीने एवढं केलं नसतं."

"उद्या याहून जाड बघते," बिट्टी म्हणाली आणि वर गेली. बाबांच्या टेबलावर ऊन पसरलं होतं. कालचा स्क्रू अगदी मधोमध पडलेला होता.