चर्च सुटेपर्यंत

शनिवारी सकाळी व्हर्ना टिडवेलने नवऱ्याची व्हिस्की सिंकमध्ये ओतली, तेव्हा हॉइट स्वतः बुचं काढून बाटल्या तिच्या हातात देत होता.

"ओत, ओत. मी परत मागितली तर मला दारातसुद्धा उभं करू नकोस," तो म्हणाला, आणि दोघंही हसले.

दवाखान्यातल्या डॉक्टरीणबाईंनी बजावलं होतं, की एवढ्या वर्षांची सवय एकदम तोडायची नाही. हळूहळू कमी करायची, नाहीतर झटके येतात, माणूस जातोसुद्धा. व्हर्नाला तो सल्ला मिळमिळीत वाटला होता. पाप काय हप्त्याहप्त्याने सोडतात? संध्याकाळी हॉइटचे हात थरथरू लागले तेव्हाही तिला वाटलं, देव आपलं काम करतो आहे.

रविवारी त्याला कप धरवेना. चादर घामाने भिजली होती, आणि भिंतीवर मुंग्या आहेत म्हणून तो रंग खरवडत होता. तिने फोन करून अॅम्ब्युलन्स मागितली. कौंटीतली, म्हणजे त्या छोट्या जिल्ह्यातली, एकुलती एक गाडी महामार्गावरच्या अपघाताकडे गेली होती. दुसरी शेजारच्या कौंटीतून निघेल, पण वेळ लागेल, म्हणाले.

"व्हर्ना, एक बिअर," हॉइट म्हणाला. त्याचे दात एकमेकांवर आपटत होते. "एकच गं."

रविवारचा दवाखाना बंद होता, म्हणून ती गाडी काढून दुकानात गेली. बिअरच्या फ्रीजला साखळी होती; रविवारी साडेबाराच्या आत दारू विकायला कौंटीची बंदी होती.

"केंड्रा, ती साखळी काढ."

गल्ल्यावरची केंड्रा हसली. "व्हर्नाबाई, तुम्ही? थट्टा करता का माझी? साडेबाराला या."

"हॉइटला हवी आहे. औषध म्हणून."

"सगळे औषध म्हणूनच मागतात हो." मग तिने व्हर्नाचा चेहरा पाहिला आणि आवाज उतरवला. "साखळी काढीन मी. पण बिलाचं मशीन वेळेआधी घेणार नाही, आणि वर कॅमेरा आहे. मालकांचा परवाना जाईल. माझ्या घरी दोन पोरं आहेत, व्हर्नाबाई."

मागे कोळशाची पिशवी घेऊन उभा असलेला माणूस मोठ्याने म्हणाला, "बाई, तुमचीच तर वेळ ही! आम्ही मुकाट पाळतो, तुम्हीही पाळा."

खरंच होतं ते. दोन वर्षांपूर्वी रविवारची विक्री सुरू करायचं ठरलं, तेव्हा कौंटीचे लोक सकाळी दहाची वेळ देणार होते. व्हर्ना सभेत उठली होती. "चर्च सुटेपर्यंत इथे बाटली विकली जाणार नाही. देवाला एवढा तरी मान द्या." टाळ्यांचा कडकडाट झाला. मागच्या रांगेत हॉइट बसला होता, तोंडाला वास येत असलेला. सगळे थांबल्यावरही तो टाळ्या वाजवत होता.

दुकानातून ती चर्चच्या स्वयंपाकघरात गेली. आत भजन चाललं होतं. तिची मैत्रीण इमोजीन दुपारच्या जेवणासाठी बटाटे कुस्करत होती. शेजारी आणखी दोघी होत्या. इमोजीनच्या घरी तांदळाच्या डब्यामागे वाइनची बाटली असते, हे व्हर्नाने पाहिलं होतं आणि कधी बोलून दाखवलं नव्हतं.

"इमोजीन, तुझ्या घराची किल्ली दे. ती डब्यामागची—"

"कसली डब्यामागची?" इमोजीनने हातातला चमचा खाली ठेवला. आवाज त्या दोघींना नीट ऐकू जाईल इतका चढला. "आमच्या घरात तसलं काही नसतं, व्हर्ना. तुला ठाऊक आहे."

"हॉइट मरेल गं."

"मग आत ये. सगळे मिळून प्रार्थना करू."

व्हर्ना घरी आली तेव्हा हॉइट स्वयंपाकघरात सिंकपाशी पडला होता. आदल्या दिवशीच्या रिकाम्या बाटल्या त्याने कचऱ्यातून काढून शेवटच्या थेंबासाठी ओट्यावर उपड्या केल्या असाव्यात. झटका आला तेव्हा डोकं ओट्याच्या कडेवर आपटलं होतं. ती त्याचं डोकं मांडीवर घेऊन बसली. अॅम्ब्युलन्स आली, आणि चेहऱ्यावर चादर ओढलेल्या हॉइटला घेऊन, घाई न करता परत गेली.

चर्च सुटल्यावर पहिली इमोजीनच आली. हातात कोंबडी-भाताचा ट्रे होता, फॉइल लावलेला, अजून गरम. ट्रे ठेवून तिने पिशवीतून टॉवेलात गुंडाळलेली बाटली काढली.

"अगं, तेव्हा त्या दोघी उभ्या होत्या," ती कुजबुजली. "कसं देणार होते मी? आता तुलाच लागेल, थोडी घे. झोप येईल."

व्हर्नाने टॉवेल उलगडला आणि बाटली खिडकीत ठेवली, रस्त्याच्या बाजूला.

"व्हर्ना! लोक येताहेत. पास्टरची गाडी वळलीसुद्धा!"

"येऊ देत."

इमोजीनने घाईघाईने टॉवेल बाटलीवर टाकला. व्हर्नाने तो उचलला, घडी घातली, आणि तिच्या हातात परत दिला.