फ्रिजमधली किल्ली

तुलायबाई शूटिंगला आल्या की आधी आमच्या स्वयंपाकघरात जाऊन फ्रिज बंद करायच्या, कारण त्याची घरघर रेकॉर्डिंगमध्ये येते. मग आपल्या गाडीची किल्ली फ्रिजमध्ये दुधाच्या बाटलीशेजारी ठेवायच्या. निघताना किल्लीसाठी फ्रिज उघडावाच लागे, आणि तो चालू करायचं लक्षात येई. मला ही युक्ती आवडली. दुसरीच्या मुलांनी शाळेत डबा विसरू नये म्हणून मी त्यांना अशाच युक्त्या शिकवत असे.

त्या तुर्कस्तानातल्या इझमीरच्या. पंधराएक वर्षं त्यांनी फक्त लघुपट केले, दहा-बारा मिनिटांचे, कुणा निर्मात्याच्या मदतीशिवाय. एक चहाचे पेले धुणाऱ्या बाईवर, एक बंद पडलेल्या शाळेच्या घंटेवर. ते कुठल्या कुठल्या महोत्सवांत दाखवले गेले, बक्षिसंही मिळाली. लोक त्यांना सगळीकडे एकच विचारत, मोठा सिनेमा कधी? मी वर्ध्याजवळच्या शाळेत निवृत्त होईपर्यंत दुसरीचाच वर्ग घेतला. मलाही लोक विचारत, गुरुजी, वरच्या वर्गावर कधी? आमचं जमलं ते त्यामुळे असावं.

बहरीनमध्ये त्या सलमाबादच्या एका कंपनीसाठी कामगारांच्या सुरक्षिततेचे व्हिडिओ करत. माझा मुलगा अनिरुद्ध तिथे एसी टेक्निशियन आहे; निवृत्तीनंतर आम्ही त्याच्याकडेच राहायला आलो. शिडीवर कसं चढू नये, हे त्याने एका व्हिडिओत चढून दाखवलं आहे. त्या ओळखीतून त्या एका शुक्रवारी ईसा टाउनला आमच्याकडे जेवायला आल्या. मी हॉलमध्ये मुलांचा मराठीचा वर्ग घेत होतो. त्या मागे मांडी घालून बसल्या आणि मुलांबरोबर पाटीवर अ काढला. तेव्हा माझी पत्नी सुमन होती. तिने त्यांना मटण वाढलं. त्यांच्या डोळ्यांतून पाणी आलं तरी त्यांनी पुन्हा मागून घेतलं.

मग सुमन गेली. मला रडू आलं नाही. लोक आले, बुद्धवंदना झाली, लोक गेले. पुढच्या शुक्रवारी मी मुलांना काना आणि वेलांटी शिकवली. सगळे म्हणाले, बाबा खंबीर आहेत. मी खंबीर नव्हतो. मला काही वाटतच नव्हतं.

हॉस्पिटलात जाण्याआधी तिने मटणाचं वाटण करून आइस्क्रीमच्या जुन्या डब्यात भरून फ्रीझरमध्ये ठेवलं होतं. भाजलेला कांदा, खोबरं, खसखस. माझी सून सीमा त्या डब्याला कुणाला हात लावू देत नसे. स्वतःही उघडत नसे. झाकणावर बर्फ साचला होता.

तुलायबाईंचा करार संपला आणि व्हिसाचे थोडे दिवस उरले. जाण्याआधी त्यांना एक लघुपट करायचा होता. बायको गेलेला म्हातारा नातीला लिहायला शिकवतो, एवढीच गोष्ट. म्हातारा मी आणि नात माझीच, अक्षता.

"चालेल का, होजाम?" त्यांनी नेहमीच्या सोप्या इंग्रजीत विचारलं. होजाम म्हणजे गुरुजी. मला ते ऐकून बरं वाटायचं. पुढे कळलं, त्या साउंड रेकॉर्डिस्ट खिजरलाही होजाम म्हणतात आणि लिफ्ट दुरुस्त करणाऱ्यालाही.

"चालेल," मी म्हणालो.

"हा कुठे निवडला गेला नाही तर मी भावाच्या फरश्यांच्या दुकानात बसणार. ठरलंय." फरशीचा भाव सांगावा तसं त्यांनी हे सांगितलं.

बाकीचं शूटिंग नीट झालं. शेवटचं दृश्य राहिलं. म्हातारा सवयीने स्वयंपाकघराकडे पाहून बायकोला हाक मारतो आणि उत्तर येत नाही. ते शुक्रवारी घेतलं. मी हाक मारली. पुन्हा मारली. दर वेळी आवाज हजेरी घेतल्यासारखा.

"आबा, कट म्हणजे स्टॉप," अक्षता म्हणाली. "यू आर स्टिल लुकिंग."

"बघू दे ना गं जरा."

"देअर इज नथिंग देअर, आबा."

तुलायबाई कॅमेऱ्यामागून उठल्या. "खोटं नाही होजाम, पण हा शेवट नाही. उद्या दुपारी एकदा बघू. नाहीतर असंच पाठवते." मग नेहमीप्रमाणे त्यांनी खोलीची शांतता अर्धा मिनिट रेकॉर्ड करायला लावली. आम्ही सगळे जागच्या जागी उभे राहिलो. बाहेर कुणीतरी गाडी लावत होतं. मग खिजर म्हणाला, "खलास," आणि ते सामान उचलून गेले.

शनिवारी सकाळी सीमाची हाक आली. "बाबा, फ्रिज बंद आहे."

फरशीवर पाणी आलं होतं. मला लगेच समजलं. तुलायबाईंनी गुरुवारी गाडी विकली होती. त्या खिजरच्या गाडीतून आल्या होत्या. सवयीने फ्रिज बंद केला, पण आत ठेवायला किल्लीच नव्हती. संध्याकाळी आम्ही सगळे मनामाला जेवायला गेलो, आणि आल्यावर कुणी फ्रिज उघडला नाही.

सीमाने डबा ओट्यावर ठेवला. बर्फ वितळून झाकण स्वच्छ झालं होतं.

"एवढी सिनेमावाली बाई, एक बटण लक्षात राहत नाही," अनिरुद्ध म्हणाला. "फेकून दे तो."

"तुम्ही फेका."

तो डब्याकडे गेला, उभा राहिला आणि परत येऊन खुर्चीवर बसला.

"उघडून बघ," मी सीमाला म्हटलं.

तिने झाकण काढून वास घेतला. बराच वेळ घेतला. "चांगलं आहे. गार आहे अजून. पण पुन्हा गोठवता येणार नाही."

"मग अनिरुद्ध, मटण घेऊन ये."

तो चपला घालून गेला.

तुलायबाई आणि खिजर दुपारी आले तेव्हा आम्ही ताटं घेत होतो. अक्षताने त्यांना दारातच सगळं सांगून टाकलं. त्या स्वयंपाकघरापर्यंत गेल्या, धुऊन पालथ्या घातलेल्या डब्याकडे पाहिलं.

"किल्ली नव्हती," त्या म्हणाल्या.

"माहीत आहे," मी म्हणालो. "बसा. जेवा."

त्या बसल्या नाहीत. त्यांची नजर टेबलावर होती. मी, ताट, सुमनची खुर्ची, खिडकीतून येणारं ऊन. त्यांना हवा होता तो शेवट समोर वाढून ठेवला होता, हे मलासुद्धा दिसत होतं. खिजरने कॅमेऱ्याच्या बॅगेची चेन अर्धी उघडली. "मॅडम, लाइट अच्छी है."

"कॅमेरा नको," सीमा म्हणाली. ती ताटाकडे बघत होती. "आज नको."

तुलायबाईंना मराठी येत नाही, पण हे कळलं. त्यांनी खिजरचा हात बॅगेवरून बाजूला केला. मग मला विचारलं, "नुसता आवाज?"

मी सीमाला विचारलं. तिने पदराने नाक पुसलं. "आवाज घ्या."

खिजरने रेकॉर्डर फ्रिजवर ठेवला. अक्षता उठून सवयीने फ्रिजच्या बटणाकडे गेली.

"राहू दे," तुलायबाई म्हणाल्या. "चालू राहू दे."

आम्ही जेवलो. अनिरुद्धने खिजरला वाढलं, "और लो." सीमाने दोनदा पाणी ओतलं. चव सुमनच्याच हातची होती, मीठ तेवढं सीमाचं. मी ताट पुसून खाल्लं. रडू तेव्हाही आलं नाही.

त्यांनी लघुपट तसाच संपवला. अक्षता पाटीवर नाव लिहिते, मग पडदा काळा होतो. काळ्यावर भांडी वाजतात, पाणी ओतलं जातं, आणि फ्रिज घरघरत राहतो. मोठ्या महोत्सवांनी तो घेतला नाही. समुद्राकाठच्या एका लहान गावातल्या महोत्सवाने घेतला, दुपारच्या खेळाला. थोडे लोक होते. एका बाईने विचारलं, शेवटी ते काय घरघरत होतं?

तुलायबाई आता सकाळी भावाच्या दुकानात बसतात. पुन्हा काही करणार का, हे मी विचारत नाही. अधूनमधून त्यांचा मेसेज येतो. आधी एकच प्रश्न असतो. होजाम, फ्रिज चालू आहे ना?

मी स्वयंपाकघरात जाऊन बघून येतो, आणि आहे म्हणून कळवतो.