दुधाच्या झाकणावरचा लाल एल

मी पत्र्याचा एक चौकोनी तुकडा बोलतोय. अंगावर पांढरा रंग, आणि त्यावर लाल रंगात काढलेलं 'एल' हे इंग्रजी अक्षर. मोटारसायकल शिकणाऱ्याने मला गाडीच्या मागे लावायचं असतं, म्हणजे येणारा-जाणारा ओळखतो की हा माणूस अजून कच्चा आहे, जरा सांभाळून घ्यावं. लोक कितपत सांभाळून घेतात ते विचारू नका. मला पाहून कोणी हळू झाल्याचं मला तरी आठवत नाही. हॉर्न मात्र जास्त वाजवतात.

जन्माने मी एल नाही, झाकण आहे. पारोळ्याजवळच्या एका गावात मगन नावाचा दूधवाला राहतो, त्याच्या दुधाच्या कॅनचं झाकण. मोटारसायकलच्या दोन्ही अंगांना एकेक कॅन लटकवून मगन रोज दोन वेळा पारोळ्याला दूध घालायचा. पंचवीस वर्षं त्याने अशी गाडी चालवली, पण लायसनचं तोंड पाहिलं नाही. "दूधवालाले कोन धरस?" असं तो म्हणायचा, आणि खरोखरच कोणी धरलं नाही.

त्याचं गाव टेकाडावर आहे. गावातून निघालं की अर्धा किलोमीटर सरळ उतार, आणि उतार संपतो तिथे धुळे-जळगाव महामार्ग. उताराच्या तोंडाशी आला की मगन गाडी न्यूट्रलमध्ये टाकायचा आणि चावी फिरवून इंजिन बंद करायचा. गाडी आपल्या आपण घरंगळत खाली जायची. आवाज असायचा तो आम्हा दोन झाकणांचाच. तेवढंच पेट्रोल वाचतं, याचा मगनला भारी अभिमान होता. गावातले सगळेच दूधवाले असं करायचे, त्यामुळे यात काही चुकतंय असं कोणाच्या मनातही आलं नाही. बाजाराच्या दिवशी त्याची बायको भागाबाई मागे बसायची. उतारावर गाडी गप झाली की ती डोळे मिटून घ्यायची.

एकदा मी बैलगाडीच्या चाकाखाली आलो आणि वाकडा झालो. वाकडं झाकण काय कामाचं? मी गोठ्याच्या कोपऱ्यात जाऊन पडलो. तिथून मला उचललं ते मगनच्या मुलाने, भूषणने.

भूषण वीस वर्षांचा होता आणि नियमाचा पक्का. घरात लायसन काढणारा तो पहिला. शिकाऊ लायसन हातात आल्या दिवशी त्याने कात्रीने कापून मला चौकोनी केलं आणि दाराला लावून उरलेला पांढरा रंग माझ्या अंगाला फासला. लाल रंग घरात नव्हता, म्हणून बहिणीची नखं रंगवायची बाटली आणली. रूपा पाठोपाठ ओरडत आली, की बाटली अर्धी संपवलीस. मग त्याला रेघ जमेना म्हणून त्याच्या हातातून काडी घेऊन खालची आडवी रेघ तिनेच ओढली. ती अजून थोडी तिरकी आहे.

"चाल, मी बठस तुना मांगे," मगन म्हणाला.

"तुम्हले बसता येवाव नही, आबा," भूषण म्हणाला. "शिकनाराना मांगे बसानं तर पक्कं लायसन लागस. तुम्हनाकडे कठे शे?"

मगन पोट धरून हसला. पंचवीस वर्षं गाडी चालवणाऱ्या बापाला पोरगा कायदा शिकवत होता. पण मुलाचा शब्द त्याने मोडला नाही. बाजूला उभं राहून, कधी गाडीमागे पळत त्याने शिकवलं. क्लच, गिअर, ब्रेक. आणि उताराच्या तोंडाशी नेऊन तेही शिकवलं.

"अठे न्यूट्रल कर. आते चावी फिराव. जाऊ दे तिले."

पोळ्यानंतरच्या आठवड्यात मगनला ताप आला. दूध तर पोचवायला हवं. सकाळी भूषणने दोन्ही कॅन भरून गाडीला लावले, मी मागे बांधलेला होतोच. भागाबाई ओट्यावर उभी राहून बघत होती. उताराच्या तोंडाशी त्याने बापाने सांगितलं तसंच केलं. गाडी गप झाली.

मी गाडीच्या मागे होतो, मला पुढचा रस्ता दिसत नव्हता. मला एवढंच कळलं की गाडी थांबत नाहीये. त्याने ब्रेक दाबला, सोडला, पुन्हा दाबला. भरल्या कॅनचं ओझं मागून रेटत होतं आणि इंजिनाने धरून ठेवावं तर ते बंद. खाली महामार्गावरून ट्रक चालला होता. नंतर मी रस्त्यावर दुधात पडलो होतो, आणि भूषणने मला उचललं नाही.

ट्रक फार जोरात होता असं सगळे म्हणाले. दारावर येणारा प्रत्येक माणूस ट्रकवाल्याला शिव्या घालून गेला. मगननेही घातल्या. त्याला खरंच तसं वाटत होतं. काय झालं ते मला ठाऊक होतं, पण पत्र्याला कोण विचारतो?

भागाबाईने मला उकिरड्यावर टाकलं. मगनने तिच्या नकळत उचलून आणलं आणि गोठ्यात सरकी पेंडीच्या पोत्यामागे लपवलं. गाडी दुरुस्त झाली, कारण दूध थांबवून चालणार नव्हतं. पण त्या दिवसापासून भागाबाई गाडीवर बसली नाही. "या घरमातून आते मनी पोर गाडीवर बसाव नही," असं तिने सांगून टाकलं. मगन मात्र रोज त्याच उतारावरून तसाच गप गाडीने उतरत राहिला. गोठ्यात पडल्या पडल्या मला इंजिन बंद झालेलं ऐकू यायचं आणि माझा जीव घाबरा व्हायचा.

अशी दोन वर्षं गेली. रूपा पारोळ्याला नर्सिंग शिकू लागली. तिला सकाळी सातला दवाखान्यात हजर व्हावं लागायचं आणि पहिली एसटी होती नऊची. ती उतार पायी उतरून महामार्गावर मिळेल त्या वाहनाला हात करायची. रोज उशीर. हजेरी कमी पडली तर परीक्षेला बसू देणार नाहीत, असं तिला सांगण्यात आलं. एक वर्ष गेलं की तिचं शिक्षणच सुटणार हे तिला माहीत होतं.

तेव्हा मगनने ठरवलं, की रूपाला गाडी शिकवायची. पण आधी स्वतः लायसन काढायचं, म्हणजे तिच्या मागे बसता येईल. भूषणचं ते वाक्य तो विसरला नव्हता. त्रेपन्नाव्या वर्षी तो पहिल्यांदा लायसनच्या परीक्षेला बसायला निघाला. गोठ्यातून मला काढून त्याने उपरण्याने पुसलं.

शिकाऊ लायसनसाठी आधी संगणकावर प्रश्न विचारतात. मगनचं वाचन जेमतेम, म्हणून रूपा मोबाईलवरून प्रश्न वाचून दाखवू लागली. दुपारी गोठ्यात बसायचे दोघं, भागाबाई शेतात गेली की. खुणा झाल्या, सिग्नल झाले. मग एक दिवस तिने वाचलं, "उतारावरून जाताना गाडी कशी चालवावी?"

"न्यूट्रलमा," मगन चटकन म्हणाला. इतक्या खात्रीने त्याने एकाही प्रश्नाचं उत्तर दिलं नव्हतं. "इंजिन बंद करीसन. पेट्रोल वाचस."

रूपाने उत्तर वाचलं. उतारावर गाडी गिअरमध्ये ठेवावी. न्यूट्रलमध्ये टाकल्यास सगळा भार ब्रेकवर येतो आणि गाडी ताब्यात राहत नाही.

मगनने तिला पुन्हा वाचायला लावलं. तिने पुन्हा वाचलं. तिसऱ्यांदा वाचताना ती मध्येच थांबली आणि तिने बापाकडे पाहिलं.

"आबा, भूषणले तुम्हीच शिकाडं का हाई?"

दोन वर्षं मगनने ट्रकवाल्याला शिव्या दिल्या होत्या. आता शिव्या द्यायला समोर कोणी उरलं नव्हतं.

"मीच शिकाडं," तो म्हणाला.

रूपा रडली नाही. मोबाईल ओढणीत गुंडाळून उठली. "मायले सांगा," ती दारातून म्हणाली. "तुम्ही मायले सांगतस नही, तोपावत मी गाडीले हात लावाव नही." त्यानंतर ती प्रश्न रोज वाचून दाखवायची, पण बापाशी दुसरं काही बोलायची नाही.

मगन सांगणार होता. लायसन हातात येऊ दे मग सांगतो, असं त्याने स्वतःला बजावलं. माणसं अवघड गोष्टीच्या आधी एखादी सोपी गोष्ट आणून ठेवतात, हे मी पाहिलेलं आहे.

शिकाऊ लायसन मिळालं. भागाबाईला दिसू नये म्हणून मगन मला गावाबाहेर गेल्यावर गाडीला बांधायचा आणि येताना सोडून पिशवीत ठेवायचा. मगन उतारावर गाडी पहिल्या गिअरमध्ये टाकून उतरू लागला. इंजिन मोठ्याने गुरगुरायचं. गावातले लोक म्हणायचे, मगन, तुनी गाडी बिघडनी का? तो गिअर तसाच ठेवून खाली जायचा.

महिन्याने जळगावला परीक्षा होती. आठ आकड्यासारख्या वळणावर पाय न टेकता गाडी चालवायची. पंचवीस वर्षं गाडी चालवलेला माणूस, त्याला काय अवघड? पण मगनने रिकामी गाडी कधी वळवलीच नव्हती. जाताना भरलेले कॅन आणि येताना पेंडीची पोती. दोन्ही बाजूंना ओझं असलं की त्याचा हात स्थिर. परीक्षेला कॅन काढून जावं लागलं आणि गाडी त्याच्या हाताखाली वेगळ्याच कोणाची तरी असल्यासारखी डगमगली. पहिल्याच वळणाला त्याचा पाय टेकला.

"काका, पुन्हा या," साहेब म्हणाले. "सराव करा थोडा."

मागे थांबलेली पोरं हसली. मगनला हसू ऐकू आलं की नाही कोण जाणे.

घरी येऊन त्याने चुलीतली राख घेतली आणि शाळेमागच्या मैदानात मोठा आठ काढला. कॅन गाडीला लावले आणि पाण्याने गळ्यापर्यंत भरले. त्या दिवशी तो झकास वळला. दुसऱ्या दिवशी त्याने दोन्ही कॅनमधून दोन-दोन तांबे पाणी काढून टाकलं आणि पुन्हा वळला. तिसऱ्या दिवशी आणखी दोन. असं रोज थोडं थोडं ओझं कमी करत त्याने वीस-बावीस दिवस काढले. कॅन रिकामे झाल्यावर दोन दिवस तो रिकामे कॅन घेऊन फिरला आणि मग एका सकाळी तेही काढून ठेवले. पहिल्या फेरीला गाडी डगमगली, दुसऱ्या फेरीला नाही. दुसऱ्या वेळी जळगावला तो पास झाला.

टपालाने पक्कं लायसन आलं त्या दिवशी ते मिळाल्याचा आनंद त्याच्या तोंडावर दिसला नाही. आता पुढे ढकलायला काही राहिलं नव्हतं. दुपारी भागाबाई ओट्यावर दादर ज्वारी पाखडत बसली होती. मगनने मला आणि लायसनला तिच्यासमोर ठेवलं. रूपा दाराच्या आत उभी होती.

भागाबाईने मला ओळखलं. दोन वर्षांपूर्वी उकिरड्यावर टाकलेला पत्रा. तिचा हात सुपावर थांबला.

"भागा," मगन म्हणाला, "ट्रकवालानी चूक नही व्हती. भूषणले उतारवर न्यूट्रल करानं मी शिकाडं. मन्हामुळे गया तो."

तो एवढंच बोलला. मग भागाबाई सूप बाजूला ठेवून म्हणाली, "पंचवीस वरीस तुमना मांगे कोन बठेल व्हतं?"

मगनने वर पाहिलं.

"उतारवर गाडी गप व्हये," ती म्हणाली. "दिवसभरमा तेवढंच माले बरं वाटे. कोनी बोलस नही, काही वाजस नही. मी कधी सांगं का तुम्हले, की असं करू नका? नही सांगं." तिने मला उचलून मांडीवर घेतलं आणि रूपाने ओढलेल्या तिरक्या रेघेवरून बोट फिरवलं. "त्या दिन बी मी अठेच उभी व्हतू. त्यानी गाडी गप व्हयनी ते मी ऐकं. आनि माले बरं वाटनं."

रूपा बाहेर आली आणि आईच्या शेजारी बसली. तिघंही बसून राहिले. दादर तशीच राहिली, कोंबड्या येऊन त्यातले दाणे टिपू लागल्या, कोणी त्यांना हाकललं नाही.

यात कोणी कोणाला माफ केलं का? मला तरी तसं दिसलं नाही. रूपा बापाशी अजूनही कामापुरतंच बोलते. भागाबाई गाडीवर अजूनही बसत नाही. पण आठवड्याने तिने स्वतःच सुतळी आणून मला गाडीच्या मागे बांधलं आणि गाठ दोनदा ओढून पाहिली.

आता रोज पहाटे रूपा पुढे बसते, मगन मागे. उताराच्या तोंडाशी ती पहिला गिअर टाकते आणि गाडी गुरगुरत खाली उतरते. मागे बांधलेला असल्यामुळे मला गाव दिसतं. ओट्यावर भागाबाई उभी असते. पूर्वी जो आवाज बंद झाला की तिला बरं वाटायचं, तोच आवाज ती आता शेवटपर्यंत ऐकते. एखाद्या खड्ड्यात गाडीचा आवाज जरा दबला की ती ओट्यावरून दोन पायऱ्या खाली उतरते. आवाज परत आला की तिथेच थांबते.

पुढच्या महिन्यात रूपाची लायसनची परीक्षा आहे. ती पास झाली की माझं काम संपेल. माझ्या अंगावरचा लाल रंग बराच उडालाय, एक कोपरा त्या दिवसापासून दुमडलेला आहे. मला पुन्हा गोठ्यात टाका, हरकत नाही. फक्त उतारावर इंजिन बंद करू नका, एवढं माझं ऐका. गाडीला आवाज करू द्या. वर ओट्यावर कोणीतरी तो ऐकत उभं असतं.