बटणांचा कारखाना अजून चालू आहे

संपादक झाल्यावर पहिल्याच सकाळी मी एक नियम काढला आणि तासाभरात त्यात मीच अडकले. एवढं अचूक नेमबाजीचं काम मला आयुष्यात दुसरं जमलेलं नाही.

मुळात मी आकड्यांची बाई. वीस वर्षं कंपन्यांचे ताळेबंद वाचले. कोण उगाच फुगलंय, कोण आतून पोकळ झालंय, हे मी खुर्चीवरून न उठता सांगायचे आणि ते बहुतेकदा खरं निघायचं. मोठे साहेब निवृत्त झाले आणि त्यांची खुर्ची मला मिळाली, तशी अख्ख्या कचेरीने नाकं मुरडली. 'हिला व्याजदराच्या पलीकडे काय कळतं?' हे माझ्या कानावर आलंच. म्हटलं, थांबा, दाखवते एकेकाला.

पहिल्याच बैठकीत जाहीर केलं, "आजपासून ज्याची चूक त्याने स्वतः दुरुस्ती लिहायची. पहिल्या पानावर, स्वतःच्या नावानिशी. आतल्या पानाच्या कोपऱ्यात मुंगीएवढ्या अक्षरात दिलगिरी, हे प्रकार बंद!"

सगळ्यांचे चेहरे असे पडले की मला मनातून गुदगुल्या झाल्या.

काका तेवढे गालात हसत होते. काका म्हणजे आमचे सगळ्यात जुने उपसंपादक. पस्तीस वर्षं दुसऱ्यांची वाक्यं कापून कापून त्यांना कुणाचीच भीती उरलेली नाही. त्यांनी टपालातून आलेलं एक पाकीट माझ्यासमोर सरकवलं. "बाई, तुमचं वार्षिक आलंय. मग पहिली दुरुस्ती तुमचीच का?"

माझ्या नाकाला मिरच्या झोंबल्या. कारण पाकीट कुठलं, ते सगळ्यांना ठाऊक होतं.

अकरा वर्षांपूर्वी मी एका बटणांच्या कारखान्याची बातमी केली होती. त्यांच्या ताळेबंदात न विकलेला माल दरवर्षी वाढत होता. गोदाम भरतंय, गिऱ्हाईक नाही, म्हणजे कारभार आटोपला. मी ठोकून दिलं, 'बटणांचा कारखाना सहा महिन्यांत बंद पडणार.' त्या बातमीला पुरस्कार मिळाला. ती बातमी आणि शेजारी पुरस्कार घेतानाचा माझा अर्ध्या पानाचा फोटो, अशी चौकट भिंतीवर लागली. आईला मात्र त्या फोटोचं कौतुक सोडून भलतंच. "अगं, कोटाचं दुसरं बटण कुठंय? बक्षीस घ्यायला जाताना आरशात तरी बघायचंस!" हे मी अकरा वर्षं ऐकतेय.

आणि कारखाना? मेला बंद पडेचना! दरवर्षी बातमीच्या तारखेला मालकांचं पाकीट यायचं. आत एक बटण आणि एका ओळीची चिठ्ठी, 'आमचा कारखाना अजून चालू आहे.' खिजवतोय, दुसरं काय! मी पाकीट उघडून तसंच खणात फेकायचे.

"वाचा की मोठ्याने," काका म्हणाले. बैठकीतले बारा जण टक लावून बघत होते. वाचावं लागलं. या वेळी चिठ्ठी एका ओळीवर थांबली नव्हती.

'आमचा कारखाना अजून चालू आहे. माझा धाकटा भाऊ तुमची बातमी वाचून भांडून गेला. मी हट्टाने बुडत्या धंद्यात घरचा पैसा घालतोय, असं त्याला वाटतं. तो माझ्याशी बोलत नाही. माझा शब्द त्याला पटत नाही, तुमचा पेपर पटतो. एकदा छापाल का?'

छापलं, तर जिच्या जोरावर मी खुर्चीत बसले ती बातमीच जमीनदोस्त. नाही छापलं, तर माझा नियम गेला आणि उद्यापासून मला कचेरीतलं कुणी विचारणार नाही.

"आधी खात्री करून घेते," मी म्हटलं.

खरं सांगू? दुसऱ्या दिवशी बसमध्ये बसले तेव्हा माझ्या मनात पापच होतं. कारखाना मोडकळीला आलेला असावा, दोन म्हातारे माशा मारत बसलेले असावेत, अशी मी जवळजवळ प्रार्थना करत होते.

कसलं काय! फाटकापासूनच यंत्रांची खडखड ऐकू येत होती. चाळीसेक माणसं कामात गढलेली. मालक सत्तरीचे, बुटके, चष्मा कपाळावर. मला बघताच म्हणाले, "आलात? बरं झालं. चहा घेणार ना?" रागाचं नाव नाही. मला उलट अवघडल्यासारखं झालं.

मी विचारलं, "पण गोदामात माल साठतोय तो साठतोयच. त्याचं काय?"

"चला, दाखवतो."

गोदामात छतापर्यंत बरण्या. प्रत्येकीवर साल आणि कोटाचा नाहीतर सदऱ्याचा नमुना. "आजवर केलेल्या प्रत्येक बटणाची एक बरणी ठेवतो. तीस वर्षांपूर्वीच्या कोटाचं बटण तुटलं, तर माणसाने जायचं कुठे? कपड्यांच्या मोठ्या कंपन्या त्यासाठीच आमच्याकडे येतात. बरण्या सांभाळायचे पैसे देतात, नवीन कामही देतात. दुसऱ्या कुणाकडे हे मिळत नाही हो."

मी मटकन एका खोक्यावर बसले. जो माल मी मरणाचं लक्षण म्हणून छापला, त्याच्याच जिवावर हा कारखाना जगत होता. फक्त एकदा बसने यायला हवं होतं मला. फक्त एकदा! लाज वाटली, अगदी मनापासून.

"मला खिजवायला बटणं पाठवायचात, ते बरोबरच होतं तुमचं," मी म्हटलं.

मालक गोंधळले. "खिजवायला? छे छे! अहो, तुमचा तो बक्षिसाचा फोटो आला होता ना पेपरात? कोटाचं दुसरं बटण नव्हतं. बाकीची बघितली, काठाला दुहेरी रेघ. आमचंच काम! म्हटलं, बाईंना पाठवावं. पुढच्या वर्षी लेखासोबत तोच फोटो, बटण नाहीच. म्हटलं, पोचलं नसेल. परत पाठवलं."

"अकरा वर्षं?"

"तुम्ही फोटोच बदलेनात!"

मी हसायला लागले आणि हसता हसता डोळ्यांतून पाणी आलं. ज्याचं घर मी मोडलं, तो माणूस अकरा वर्षं माझ्या कोटाची काळजी करत होता.

परत आल्यावर खण उपसला. अकराच्या अकरा बटणं एकसारखी, काठाला दुहेरी रेघ. घरी कपाटातून कोट काढला, तर आई सुईदोरा घेऊन पुढे सरसावली. "नको, मीच लावते," मी म्हटलं. पन्नाशीला टेकलेल्या मुलीला बटण शिवताना बघून तिने कपाळावर हात मारला.

दुरुस्ती पहिल्या पानावर गेली, माझ्या नावानिशी. 'बटणांचा कारखाना अजून चालू आहे. चूक माझी होती. मी तिथे न जाताच लिहिलं.' खाली बरण्यांची सगळी हकिगत आणि नवा फोटो, कोटासकट. काकांनी त्यातला एक शब्दही कापला नाही. पस्तीस वर्षांत पहिल्यांदाच, असं ते स्वतःच म्हणाले. भिंतीवरची चौकट मी उतरवली. दुपारपर्यंत तिघे बातमीदार आपापली जुनी चूक कबूल करायला दाराशी उभे. नाकं मुरडणारे हेच, बरं का!

तेवढ्यात फोन वाजला. मालक होते, पण त्यांच्या मागून कुणीतरी जोरजोरात बोलत होतं.

"बाई, भाऊ आलाय. सकाळीच आला, तुमचा पेपर घेऊन."

"काय म्हणतायत ते?"

"काय म्हणणार! आल्यापासून भांडतोय. म्हणतो, फोटोत बाईंनी बटण उलटं शिवलंय, रेघ आत गेलीय. मी म्हणतो, असू दे. तर म्हणतो, असू दे कसं, आपलं बटण आहे! थांबा, त्यालाच देतो."