वाचायला दिलेली फाइल

आईच्या कॉम्प्युटरने सकाळी सव्वानऊला सांगितलं की ग्राफिक्स लायब्ररीची फाइल सापडत नाही. आई त्याला दोनदा म्हणाली, "नीट बघ." त्याने बघितलं नाही.

आई शिवणकाम करते. ज्या प्रोग्रॅममध्ये ती कपड्यांचे पॅटर्न आखते, तो माझ्यापेक्षा तीन वर्षांनी लहान आहे आणि घरात त्याला जास्त मान आहे. परवा बेकरीवाल्याचं लग्न, आणि त्याचा कोट आईकडे शिवायला. पोती उचलून उचलून त्याचा उजवा खांदा दोन बोटं खाली आलाय. ती मापं प्रोग्रॅममध्ये, आणि बेकरीवाला नवरीच्या गावी. दुपारपर्यंत कापड कापलं नाही तर कोट काही होत नाही.

"बाबा, तुम्ही कशाला हात लावलात का?"

"हात कशाला लावू? वाचायला दिली," बाबा म्हणाले. ते निवृत्त ग्रंथपाल आहेत. "समोरच्या घड्याळवाल्याचा घराचे नकाशे काढायचा प्रोग्रॅम हीच फाइल मागत होता. रीतसर सही घेतलीय. चौदा दिवस."

चूक माझीच. रेघा आणि वळणं प्रत्येक प्रोग्रॅम स्वतः काढत नाही, सगळे मिळून या एकाच फाइलला कामाला जुंपतात, हे मीच त्यांना समजावलं होतं. 'सगळ्यांसाठी एकच लायब्ररी' असं म्हणालो तेव्हा त्यांचे डोळे पाणावले होते. मी तेव्हाच सावध व्हायला हवं होतं.

"पण इथली कशी गेली? कॉपी करून द्यायची ना!"

"कट करून दिली. पुस्तक दिलं की फळी रिकामी दिसली पाहिजे. नाहीतर दिलं कशावरून?"

"अहो, फळी दिसली रिकामी," आई म्हणाली. "आता नवरदेव उघडा दिसेल."

"मुदतीआधी परत मागायची नसते. चाळीस वर्षांत मी कुणाकडे मागितलं नाही."

"चाळीस वर्षांत तुमच्या कपाटासमोर कुणी बिनकोटाचं बोहल्यावर चढत नव्हतं."

यावर नियम नव्हता. बाबांनी चपला घातल्या.

घड्याळवाले डोळ्याला भिंग लावूनच कॉम्प्युटरपुढे बसले होते. लेकीच्या नव्या घराचा नकाशा चालला होता. "न्या की," ते म्हणाले, पण चेहरा असा, जणू शेवटच्या पानावरून कुणी पुस्तक ओढतंय. "स्वयंपाकघराची खिडकी तेवढी राहिलीय."

"छे छे, तुमची मुदत आहे," बाबा म्हणाले आणि रडवेले होऊन माझ्याकडे बघायला लागले.

मी पेनड्राइव्ह काढला. "कॉपी करू?"

बाबा भिंतीकडे वळले आणि तिथली अकरा घड्याळं एकेक करून लक्षपूर्वक वाचायला लागले. मी उरकून घेतलं.

घरी येऊन फाइल जागेवर ठेवली, तर प्रोग्रॅम काही झालंच नसल्यासारखा उघडला. पडद्यावर खांदा उमटला, बरोबर दोन बोटं खाली. प्रिंटर कण्हत कण्हत कागद सोडायला लागला. खिडकीतून समोर घड्याळवाले दिसत होते. त्यांचा माउस चालू होता.

"तोही वापरतोय? आत्ता?" बाबांनी विचारलं.

"हो."

"आणि हीपण?"

"हो, बाबा. कितीही जणांनी वापरावी. कुणाला थांबावं लागत नाही."

बाबा खुर्चीत बसले. "शाळेतली एक मुलगी यायची," ते म्हणाले. "ग्रहताऱ्यांच्या पुस्तकासाठी. पाच आठवडे रोज. एकच प्रत होती, ती बाहेर गेलेली. मी तिला रोज नाही म्हणायचो."

आईने कागद चिकटवून कापडावर पसरले होते, खडूने आखूनही झालं होतं. तिने एकदा त्यांच्याकडे बघितलं.

"अहो, इकडे या. हे टोक धरा. माझ्याने एकटीने नाही होत."

तिने आजवर शेकडो कोट एकटीने कापले आहेत. बाबा उठले, त्यांनी दोन्ही हातांनी टोक धरलं, आणि आई उजव्या खांद्याकडून कापायला लागली.