लाटांच्या नकाशामागची मी

मित्रांनो, मी एक जुनी लायब्ररी आहे. पुस्तकांची नव्हे हं! मी संगणकातली एक फाईल. माझे नाव म्हणजे अक्षरांची आणि आकड्यांची खिचडी. पण माझ्यावाचून जपानमधल्या आमच्या बेटाच्या बोट-कचेरीचे पान हलत नाही.

सतरा वर्षांपूर्वी ओरिए कुवाबारा नावाच्या बाईंनी मला घडवले. तिकिटांच्या प्रोग्राममध्ये ब्राउझरची एक छोटी खिडकी आहे. तिच्यात लाटांचा नकाशा दिसतो. ती खिडकी उघडण्याचे काम माझे. सगळे नकाशाचे कौतुक करत, माझे नाव कुणी घेत नसे. तरी मी सुखात होते.

मग एकदा वर्षअखेरची मोठी साफसफाई आली. कचेरीतल्या फुमिएसाननी ('सान' म्हणजे आपले 'बाई') काचा पुसल्या, कपाटे पुसली आणि मोर्चा संगणकाकडे वळवला. माझी तारीख सगळ्यांत जुनी.

"तेरा वर्षांत हिला कुणी हात लावला नाही? अडगळ मेली!" म्हणत त्यांनी मला संगणकातल्या कचऱ्याच्या टोपलीत टाकले.

दुसऱ्या दिवशी वर्षाची शेवटची फेरी होती आणि खिडकी उघडेना. 'लायब्ररी सापडली नाही,' एवढेच पडद्यावर आले. पलीकडच्या धक्क्यावर फुमिएसानची लेक तान्ह्या मुलीला घेऊन बोटीची वाट पाहत होती. फुमिएसाननी ही नात अजून पाहिली नव्हती.

"नकाशा नाही तर बोट नाही," कप्तान हामासाकी म्हणाले. "तिकडे तुमची लेक असो, नाहीतर माझी सासू!"

फुमिएसाननी शेजारच्या नव्या संगणकातून माझ्याच नावाची फाईल आणून माझ्या जागी ठेवली. तरी खिडकी बंदच. शेवटी त्यांनी ओरिएसानना फोन लावला.

"अहो, ती चौसष्ट बिटांची, नव्या घडणीची. तुमचा प्रोग्राम बत्तीस बिटांचा, जुन्या घडणीचा. नाव एक असलं म्हणून काय झालं? जुनीच लागेल. टोपली रिकामी केलीत का?"

"छे! नववर्षाच्या सुट्टीत कचऱ्याची गाडी चार तारखेपर्यंत बंद ना! मी घरची काय नि इथली काय, टोपली गाडीच्या दिवशीच रिकामी करते."

ओरिएसान खो खो हसल्या. "भलं होवो त्या गाडीवाल्याचं! काढा तिला बाहेर."

मी माझ्या जागी परतले. खिडकी उघडली. समुद्र शांत होता, बोट सुटली. दुपारी फुमिएसान नातीला कुशीत घेऊन संगणकापुढे आल्या. "हिनं आणलं हो तुला," म्हणत त्यांनी तिला पडद्यावरची खिडकी दाखवली. मला भरून आले.

मित्रांनो, जुने दिसले म्हणून काही टाकू नका. त्याच्या आधाराने काय उभे आहे, ते आधी विचारा. आता दर साफसफाईला फुमिएसान पडदा पुसतात आणि माझ्यापुढे कमरेत वाकून नमस्कार करतात. शेजारी चार वर्षांची नातही वाकते. का, ते अजून तिला ठाऊक नाही.